आधी अनुक्रमणिका, मग विनोद

सिनॉप्सिस लिहिताना गाईड काय सांगतात? पुढे काय येणार ते पहिल्याच पानावर सांगून टाका, वाचणाऱ्याला ताटकळत ठेवू नका. स्टँड-अप कॉमेडीत नेमकं उलटं असतं. पुढचं आधीच कळलं की विनोद मेला, असं मानतात. हॅना गॅड्सबी यांचा ‘डग्लस’ हा २०२० साली नेटफ्लिक्सवर आलेला कार्यक्रम मात्र सिनॉप्सिससारखा सुरू होतो. कोणते विषय येतील, कुणाला टोचेल, व्याख्यान कुठे आहे, ऑटिझमचा उल्लेख कधी येईल, हे सगळं आधी सांगून होतं. आणि तरीही पुढे आपण हसतो.

हे कसं जमतं, ते बघण्यासारखं आहे. टास्मानियात वाढलेल्या या कलाकाराला ऑटिझमचं निदान मिळालं ते प्रौढपणी. समोरच्याच्या मनात काय चाललंय याचा अंदाज ज्याला सहज येत नाही, तो काय करेल? सरळ सांगून टाकेल. ती अनुक्रमणिका म्हणजे तेच आहे. मराठीत ऑटिझमला ‘स्वमग्नता’ म्हणतात, म्हणजे स्वतःतच बुडालेलं असणं. इथे तर हा ‘स्वमग्न’ माणूस सुरुवातीची कितीतरी मिनिटं प्रेक्षकाचीच काळजी घेतोय! तेव्हा शब्द निवडताना जपून. त्या एका शब्दात एक आख्खं गृहीतक बसलंय.

कार्यक्रमातला माझ्या मते सगळ्यात चांगला भाग शाळेतला आहे. आपल्याकडे ‘आत, बाहेर, खाली, वर’ अशी शब्दयोगी अव्ययं शिकवतात ना, तसाच इंग्रजीचा तास. बाई समजावण्यासाठी एका खोक्याचं उदाहरण घेतात. मुलाला अव्ययाशी काही घेणंदेणं नाही, त्याचे प्रश्न खोक्याबद्दल. मध्येच एक पेंग्विनही येतो. बाईंना हा आगाऊपणा वाटतो, मूल मात्र मनापासून विचारत असतं. आपण हसतो कुणाला? आधी मुलाला, आणि थोड्या वेळाने बाईंच्या व्याख्येला. ‘आता जेवूनच जा’ हे आमंत्रण आहे की निरोप, हे आपणही दारात उभं राहून ठरवत असतोच की!

संशोधनाशी याचा संबंध काय? हॅन्स अ‍ॅस्पर्गर यांनी १९४४ च्या लेखात या मुलांमध्ये विनोदबुद्धीची उणीव नोंदवली होती. डेमियन मिल्टन हे संशोधक स्वतः ऑटिस्टिक आहेत. त्यांनी २०१२ मध्ये मांडलं की न समजण्याची अडचण दोन्ही बाजूंची असते. खोक्याचा किस्सा त्याचंच उदाहरण वाटतो. पण उदाहरण म्हणजे पुरावा नव्हे. २०२० मध्ये कानगोष्टीच्या खेळासारखा एक प्रयोग प्रसिद्ध झाला. ७२ जण, आठ-आठ जणांच्या नऊ साखळ्या. फक्त ऑटिस्टिक लोकांच्या साखळीत गोष्ट बाकीच्यांइतकीच नीट पोचली, मिश्र साखळीत जास्त गळली. २०२५ मध्ये तीनशेहून जास्त लोकांवर तोच प्रयोग झाला, तेव्हा मिश्र साखळीतली ती जास्तीची गळती दिसली नाही. ऑटिस्टिक साखळी मात्र याही वेळी मागे पडली नाही. पहिला निकाल आवडला म्हणून दुसरा झाकायचा नाही, ही सवय आत्तापासून लावून घ्या.

आता तक्रार. कार्यक्रमात गॅड्सबी आपल्या विरोधकांसाठी मुद्दाम गळ टाकतात, आणि हा गळ आहे हेही सांगून ठेवतात. म्हणजे तुम्ही हसलात तर विनोद जमला, चिडलात तर ‘बघा, गळाला लागला’. दोन्ही निकाल एकाच बाजूला जातात. असं गृहीतक तुम्ही कमिटीसमोर मांडलंत तर पहिला प्रश्न येईल, ‘हे चुकीचं कधी ठरेल?’ मला चित्रकलेवरचं व्याख्यान मजेदार वाटलं, तरी त्यात ज्याला विनोद पटला नाही त्याला बोलायला जागाच उरत नाही. खोक्याच्या गोष्टीत बाईंनी मुलाचा प्रश्न ऐकून घेतला नाही. इथे मंचावरून थोडंफार तेच होतं, आणि ते मला खटकलं.

तरीही कार्यक्रम जरूर बघा, आणि वही घेऊन बसा. कुठे हसलात ते लिहा. त्या क्षणी कोण कुणाला समजत नव्हतं, तेही शेजारी लिहा. दुसरा रकाना भरताना हात अडखळला, तर तिथे एखादा संशोधन-प्रश्न सापडू शकतो.