काचेचं घड्याळ आणि कारागिराचा वेळ

आज आम्ही टेरी प्रॅचेट यांच्या 'थीफ ऑफ टाइम' या कादंबरीबद्दल बोलणार आहोत. २००१ साली आलेली, डिस्कवर्ल्ड मालिकेतली ही सव्विसावी कादंबरी. तुम्ही वाचली नसेल तरी हरकत नाही, गोष्ट सांगतच पुढे जाऊ. शेवटही सांगणार आहोत, कारण आमची तक्रार शेवटाबद्दलच आहे.

आधी तिथली व्यवस्था बघू. अँख-मॉर्पोर्क या शहरात प्रत्येक धंद्याचा एक गिल्ड, म्हणजे संघ आहे. घड्याळजींचा आहे, तसा चोरांचाही आहे. गिल्ड हा शब्द परका वाटेल, पण ही गोष्ट आपल्याला परकी नाही. नाशिकच्या लेण्यांत उषवदाताचा शिलालेख आहे. गोवर्धनच्या विणकरांच्या श्रेणींकडे त्याने कार्षापण ठेव म्हणून ठेवले आणि व्याजातून भिक्षूंचा खर्च भागवण्याची सोय केली. म्हणजे काय, तर कारागिरांचा संघ ही लोकांच्या भरवशाची जागा होती. माणूस गेला तरी संघ शब्द पाळेल, असा तो भरवसा.

प्रॅचेट हाच भरवसा उचलतात आणि त्याची चेष्टा करता करता त्यातला धोका दाखवतात. दोन बेवारस मुलं. जेरेमीला घड्याळजींचा संघ वाढवतो, लॉबसँगला चोरांचा. जेरेमी अचूकपणा शिकतो, लॉबसँग चपळाई. पुढे कळतं की दोघांची आई एकच, आणि ती म्हणजे साक्षात काळ.

जेरेमीला जगातलं सर्वांत अचूक घड्याळ करायचं आहे. ऑडिटर नावाच्या शक्तींना जिवंत माणसांचा गोंधळ सहन होत नाही. त्यांच्या वतीने एक बाई येते आणि त्याला काचेच्या घड्याळाचं काम देते. हे घड्याळ विश्वाच्या ठोक्याशी जुळलं की काळच थांबेल. बिचाऱ्या जेरेमीला यातलं काही माहीत नाही. त्याला चोख काम करायचं आहे, बस्स.

दुसरीकडे डोंगरातल्या मठात इतिहासाचे भिक्षू आहेत. लॉबसँग पुढे त्यांच्यातच जातो. त्यांच्याकडे फिरणारे दंडगोल आहेत, नाव प्रोक्रॅस्टिनेटर. आळसावरची कोटीच आहे ही. वेळ जिथे वाया जातो तिथून तो काढायचा आणि जिथे अपुरा पडतो तिथे सोडायचा, हे त्यांचं काम. तिथला खरा जाणकार कोण, तर हातात झाडू घेतलेला म्हातारा लु-त्झे.

बघा, इथे वेळेचे दोन प्रकारचे कारागीर समोरासमोर आहेत. एकाला वेळ पूर्णपणे मोजायचा आहे. दुसरे तो ठिगळं लावून चालू ठेवतात. मागे एकदा असंच घड्याळ झालं होतं, इतिहासाचे तुकडे झाले, आणि भिक्षूंनी ते जमेल तसे जोडले. परिपूर्ण माप म्हणजे मरण आणि दुरुस्ती म्हणजे जगणं, हा विचार प्रॅचेट भाषण न देता गोष्टीतून उभा करतात. जेरेमी रोज आपलं औषध चमच्यात काटेकोर मोजतो आणि ओतून देतो. मोजणं चोख, उपयोग शून्य! एवढ्या एका प्रसंगात अख्खा माणूस कळतो.

आता आक्षेपांकडे येऊ. पहिला लहान आहे. भिक्षू वेळ काढतात तो समुद्राच्या तळातून, माशांना एवढा वेळ काय करायचाय म्हणून. आपण हसतो. पण वेळ कुठे वाया जातो हे ठरवणारा कोण? मुंबईकरांना हा प्रश्न एकदा पडलेला आहे. १९०६ साली भारतीय प्रमाणवेळ लागू झाली. ती मुंबईच्या स्थानिक वेळेपेक्षा ३९ मिनिटं पुढे होती. गिरणीचा भोंगा घड्याळाच्या त्याच आकड्याला वाजणार असेल, तर ती ३९ मिनिटं जाणार कामगाराच्या झोपेतून. त्या जानेवारीत गिरणी कामगारांनी नव्या वेळेला विरोध केला, आणि शहरात 'मुंबई टाइम' पुढे १९५५ पर्यंत टिकून राहिला. वेळेची ने-आण कधीच कोणाच्या नुकसानीशिवाय होत नाही. कादंबरी हे नुकसान माशांवर ढकलून मोकळी होते.

दुसरा आक्षेप मोठा. शेवटी जेरेमी आणि लॉबसँग एक होतात. जो उरतो तो बोलतो लॉबसँगसारखा, वागतोही लॉबसँगसारखा. जेरेमी गेला कुठे? ज्याच्या हातांनी ते घड्याळ घडलं, त्याला आपल्या कामाचा अर्थ कळण्याचा एक क्षणही मिळत नाही. पश्चात्ताप नाही, रागही नाही. ऑडिटरांची ती बाईसुद्धा हळूहळू माणूस होते, तिला नाव मिळतं, स्वतःचं मरण मिळतं. कारागिराला तेवढंही नाही.

आणि त्याचा संघ? त्याने मुलाला वाढवलं, औषध पाठवलं, लांबून लक्ष ठेवलं. पण तू काय बनवतो आहेस आणि कोणासाठी, हे वेळीच कोणी विचारलं नाही. आम्हाला वाटतं, कादंबरीतली सर्वांत खरी आणि सर्वांत कमी लिहिलेली गोष्ट हीच आहे. काम चोख आहे ना, मग गिऱ्हाईक कोण याच्याशी आपल्याला काय करायचंय, असं आपणही आपापल्या कामाच्या जागी म्हणतोच की.

म्हणून कादंबरी जरूर वाचा, मनसोक्त हसा. लु-त्झेवर तर तुमचं प्रेम बसेलच, त्याची काळजी नाही. फक्त पुस्तक मिटताना त्या घड्याळजीच्या रिकाम्या दुकानाकडे एकदा वळून बघा. प्रॅचेट यांनी तिथे थोडं थांबायला हवं होतं. आता तुमचे प्रश्न घेऊ.