बाडेनहाइममधला शेवटचा हंगाम

अहरोन ॲपलफेल्ड यांची ‘बाडेनहाइम १९३९’ ही कादंबरी वसंत ऋतूत सुरू होते. ऑस्ट्रियातल्या या हवापालटाच्या गावी सुखवस्तू ज्यू पाहुणे उतरू लागतात. डॉ. पापेनहाइम यांची संगीत महोत्सवासाठी धावपळ चाललेली असते, मिठाईच्या दुकानात गर्दी असते. मग स्वच्छता खात्याचे निरीक्षक येतात, मोजमापं घेतात, चौकशा करतात. पुढे हुकूम निघतो: ज्यूंनी आपली नावं नोंदवावीत.

अख्ख्या कादंबरीत हिटलरचं नाव नाही, मृत्यूच्या छावणीचा उल्लेख नाही. आहे ते फक्त एक खातं आणि त्याची सभ्य, कारकुनी भाषा. काटेरी तारांची भेंडोळी आणि सिमेंटचे खांब गावात येऊन पडतात, तेव्हा ती एखाद्या समारंभाची तयारी वाटते. पोलंडच्या हवेची तारीफ करणारी भित्तिपत्रकं लागतात आणि पाहुणे तिकडे जाण्याच्या गोष्टी रंगवू लागतात. लेखक कुठेच सावध करत नाही. पुढचं सारं ठाऊक असलेला वाचकच प्रत्येक वाक्यापाशी अडखळतो. पात्रांपाशी नसलेली स्मृती वाचकापाशी आहे, आणि तिच्यावरच ही कादंबरी उभी आहे.

गावात आधीपासून भ्यालेली असते ती औषधविक्रेत्या मार्टिनची बायको त्रुडे. तिला लांडगे दिसतात, सगळं जग आजारी दिसतं. गाव याला तिचा आजार म्हणतं. हळूहळू मार्टिनलाही तिच्या नजरेनं दिसू लागतं, आणि शहाणपण नेमकं कुणाकडे होतं हे आपल्याला कळतं.

ही संयत शैली ॲपलफेल्ड यांच्या आयुष्यातून आली असावी. १९३२ साली चेर्नोवित्सजवळ, जर्मन बोलणाऱ्या घरात त्यांचा जन्म झाला. १९४१ मध्ये आई मारली गेली. वडिलांबरोबर त्यांना ट्रान्सनिस्ट्रियातल्या छावणीत नेलं. तिथून निसटून हा मुलगा रानावनात लपत जगला. १९४६ मध्ये तो पॅलेस्टाइनला पोचला आणि पुढे, उशिरा शिकलेल्या हिब्रूत लिहू लागला. त्या वयाच्या मुलाला संकट कळतं ते बंद झालेल्या दारांतून, मोठ्यांच्या बदललेल्या आवाजांतून. इतिहासानं दिलेली नावं नंतर येतात. कादंबरीही तेवढंच सांगते.

शेवटी स्टेशनात मालगाडीचे घाणेरडे डबे येतात. ते पाहून पापेनहाइम म्हणतात, डबे इतके घाण आहेत, म्हणजे जायचं जवळच असणार. या माणसाला मूर्ख ठरवणं सोपं आहे. ॲपलफेल्ड तसं करत नाहीत. केक, संगीत, उन्हाळ्याची सुट्टी यांवर प्रेम करणं हा गुन्हा नव्हता, हे त्यांना ठामपणे सांगायचं आहे. मारल्या गेलेल्यांना केवळ बळी म्हणून न आठवता त्यांच्या हौशी, भांडणं, खोट्या आशांसकट आठवणं, हा त्यांनी त्या माणसांना दिलेला न्याय आहे.