बारकोड आज्ञावलीतील सामायिक लायब्ररी फाईल : एक चिकित्सा

प्रस्तावना

महाविद्यालयीन ग्रंथालयाच्या संगणकीकरणात ग्रंथावरील बारकोड हा देवघेवीचा आधार मानला जातो. खरेदीच्या वेळी स्कॅनर, प्रिंटर व लेबल यांचा विचार होतो. परंतु दाखल क्रमांकाचे रेषांत रूपांतर करणाऱ्या फाईलचा विचार सहसा होत नाही. विंडोज प्रणालीत हे काम बहुधा 'डायनॅमिक लिंक लायब्ररी' म्हणजेच डीएलएल या प्रकारच्या फाईलकडे सोपविलेले असते. या व्यवस्थेचे गुणदोष तपासणे, हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

स्वरूप व गुण

डीएलएल फाईल स्वतंत्रपणे चालत नाही. मुख्य आज्ञावली चालू असताना ती स्मृतीत आणली जाते व एकाच वेळी अनेक आज्ञावली तिचा उपयोग करू शकतात. त्यामुळे जागा वाचते आणि तेच काम पुन्हा लिहावे लागत नाही. बारकोडच्या बाबतीत हा लाभ मोठा आहे. 'कोड १२८' मध्ये प्रत्येक चिन्हाच्या मूल्याला त्याच्या स्थानाने गुणून, बेरजेत आरंभचिन्हाचे मूल्य मिळवून १०३ ने भागल्यावर उरणारी बाकी हे तपासणी चिन्ह असते. १ जानेवारी २००७ पासून १३ अंकी झालेल्या आयएसबीएनमध्ये १ व ३ हे भारांक आलटून पालटून येतात. असे गणित एकाच ठिकाणी असणे श्रेयस्कर होय.

दोषांची मीमांसा

मात्र जे सामायिक असते, ते एकाने बदलले की सर्वांसाठी बदलते. विंडोजच्या आरंभीच्या आवृत्त्यांत नवी आज्ञावली बसविताना जुनी फाईल पुसली जाई. हा प्रकार 'डीएलएल हेल' या नावाने कुप्रसिद्ध झाला. विंडोज २००० ने प्रणालीच्या फाईलींना संरक्षण दिले. २००१ च्या एक्सपीने भिन्न आवृत्त्या शेजारी ठेवण्याची सोय केली. तरीही विक्रेत्याने सामायिक जागी ठेवलेली फाईल सुरक्षित झाली, असे म्हणता येत नाही. शिवाय ६४ बिटांची आज्ञावली ३२ बिटांची डीएलएल स्वीकारत नाही. त्यामुळे फाईल डोळ्यांसमोर असूनही आज्ञावली चालत नाही.

फाईल नाहीशी झाल्यास छपाई थांबते व दोष तत्काळ कळतो. स्कॅनर सामान्यतः कळफलकाप्रमाणे काम करीत असल्याने जुन्या ग्रंथांची देवघेव चालू राहते. खरा धोका फाईल निमूटपणे बदलण्यात आहे. 'कोड ३९' मधील तपासणी चिन्ह ऐच्छिक असते. नव्या आवृत्तीने ते आपोआप जोडल्यास लेबल निर्दोष दिसते. परंतु स्कॅनरला त्याची सूचना नसल्यास एक जादा अक्षर क्रमांकाचा भाग म्हणून वाचले जाते व ग्रंथाची नोंद सापडत नाही. हा दोष लक्षात येईपर्यंत शेकडो ग्रंथांवर लेबले लागलेली असू शकतात.

प्रचलित उपायाची तपासणी

हरवलेली फाईल महाजालावरून उतरवून घेणे, हा उपाय सोपा वाटतो. तो समर्थनीय नाही. तिची आवृत्ती अनिश्चित असते आणि आज्ञावलीला असलेले सर्व अधिकार तिलाही मिळतात. मूळ संचातून पुनर्स्थापना करणे, हाच योग्य मार्ग होय. डीएलएल आज्ञावलीच्याच फोल्डरमध्ये ठेवल्यास विंडोज सामान्यतः प्रथम तेथे शोध घेते व इतरांच्या बदलांपासून बचाव होतो. अशाने जागेची बचत कमी होते हे खरे. परंतु आजच्या संगणकांवर जागेपेक्षा नोंदींची विश्वसनीयता अधिक मोलाची आहे.

निष्कर्ष

सामायिक लायब्ररीची कल्पना सदोष नाही; तिच्यावरील अवलंबित्वाची नोंद न ठेवणे सदोष आहे. खरेदीच्या करारात फाईलचे नाव, आवृत्ती व बिटसंख्या नमूद असावी, मूळ संच ग्रंथालयाच्या ताब्यात असावा आणि प्रत्येक बदलानंतर छापलेले लेबल वाचून मूळ क्रमांकाशी ताडून पाहावे. 'झिंट' सारख्या मुक्त स्रोत लायब्ररीमुळे एकाच विक्रेत्यावर विसंबण्याची गरज उरत नाही. आज्ञावली बदलतात, ग्रंथावरील क्रमांक मात्र दशकानुदशके टिकावा लागतो. निवडीचा निकष हाच असावा.