दहा सुवर्णांचे देणे : ‘मृच्छकटिका’तील द्यूतप्रसंग

नाटककार गोविंद बल्लाळ देवल (१८५५–१९१६) बेळगावात शिकले व काही काळ तेथेच शिक्षकही होते. शूद्रकाचे ‘मृच्छकटिक’ त्यांनी मराठी संगीत रंगभूमीवर आणले. पुढे १९५८ मध्ये हबीब तन्वीर यांनी दिल्लीत बेगम कुदसिया जैदी यांच्या हिंदुस्तानी थिएटरसाठी तेच ‘मिट्टी की गाडी’ या नावाने बसविले. या नाटकाची चर्चा बहुधा चारुदत्त-वसंतसेनेच्या प्रेमाभोवती फिरते. मूळ संस्कृत नाटकाच्या दुसऱ्या अंकातील जुगाराचा प्रसंग मात्र निव्वळ विनोद म्हणून बाजूला पडतो. वस्तुतः त्या प्रेमकथेची किल्ली तेथेच आहे.

संवाहक हा चारुदत्ताचा जुना सेवक. धनी निर्धन झाल्यावर तो जुगाराला लागतो व दहा सुवर्ण हरतो. अड्ड्याचा मालक माथुर वसुलीसाठी रस्तोरस्ती त्याच्या मागे धावतो. संवाहक ओस देवळात मूर्ती बनून उभा राहतो; समोर फासे पडू लागताच त्याचा संयम सुटतो. पकडला गेल्यावर अर्धे देणे जुगाऱ्याकडून व अर्धे माथुराकडून माफ करवून घेऊन, आता काहीच देणे उरले नाही, असा हिशेब तो मांडतो! शेवटी वसंतसेना चारुदत्ताचे नाव ऐकून आपले कंकण पाठवते व त्याला सोडवते. तोच संवाहक भिक्षू होऊन आठव्या अंकात तिचे प्राण वाचवतो.

याच्या उलट चित्र चारुदत्ताचे. वसंतसेनेने त्याच्याकडे ठेवलेले दागिने चोरीस जातात. तो मात्र ते आपण जुगारात हरल्याचा निरोप देऊन बदल्यात रत्नावली पाठवतो. एक जण खरे देणे चुकवू पाहतो, तर दुसरा नसलेले देणे अंगावर घेतो. वसंतसेनेला चोरीची हकीकत आधीच कळलेली असल्याने हे खोटे बोलणेच तिला चारुदत्ताच्या थोरवीची साक्ष वाटते.

अड्ड्याला शिक्षा होत नाही, ही काहींना उणीव वाटेल. कंकण मिळताच माथुर संवाहकाला पुन्हा खेळायला बोलावतो. परंतु यातच शूद्रकाचा वास्तववाद दिसतो. देणे फिटले तरी अड्डा चालूच राहतो. त्यातून बाहेर पडणे माणसाच्याच हाती असते.

या प्रसंगात संवाहक मागधी बोलतो, तर माथुराची बोली टीकाकारांनी ढक्की मानली आहे. बेळगाव-निपाणी भागात एकाच वर्गात मराठी, कन्नड व उर्दू बोलणारी मुले बसतात. अशा वर्गात हा प्रसंग वगळू नये. नाटकाच्या अभ्यासाची सुरुवातच त्यापासून करावी.