‘नंतर’ आणि ‘ताबा’ : अपत्यविषयक निवाड्यांची भाषा

कायद्याच्या भाषेची कसोटी तिच्या पारिभाषिक संज्ञांत लागते, असे सामान्यतः मानले जाते. वस्तुतः एखाद्या साध्या अव्ययावरही अपत्याचे भवितव्य अवलंबून असू शकते.

हिंदू अज्ञानत्व व पालकत्व अधिनियम, १९५६ याच्या कलम ६ ने अज्ञान अपत्याचा नैसर्गिक पालक पिता, व त्याच्यानंतर माता, असा क्रम लावला. येथील ‘नंतर’ दीर्घकाळ ‘मृत्यूनंतर’ असाच वाचला गेला. त्या वाचनास विदर्भातील कुळकायद्याच्या एका वादाने धक्का दिला. जिजाबाई विठ्ठलराव गजरे विरुद्ध पठाणखान या १९७० च्या प्रकरणी पिता हयात होता. परंतु वीस वर्षांहून अधिक काळ तो विभक्त असून मुलीच्या व्यवहारात लक्ष घालीत नव्हता. सर्वोच्च न्यायालयाने मातेलाच नैसर्गिक पालक मानले. पुढे १९९९ साली गीता हरिहरन प्रकरणात ‘नंतर’ म्हणजे ‘अनुपस्थितीत’ असा अर्थ ठरला. पित्याची उदासीनता, आजारामुळे आलेली असमर्थता, किंवा उभयतांनी अपत्याचा भार मातेवर सोपविणे, ही सर्व अनुपस्थितीच होय. अर्थ विस्तारला, क्रम मात्र कायम राहिला. माता आजही पित्याच्या अभावीच पालक ठरते.

‘नंतर’ची अशी चिकित्सा झाली, तशी ‘ताबा’ या शब्दाचीही व्हावयास हवी. मूळ अरबी शब्दाचा अर्थ अनुगामी, अधीन. मराठीत मात्र तो जमीनजुमल्याच्या कब्जाशी जडला. १९४८ पर्यंत निजामी राज्यात असलेल्या बीड जिल्ह्यात दरबारी भाषा उर्दू होती. दरबारी भाषा बदलली, तरी शेताचा आणि लेकराचा ‘ताबा’ एकच राहिला. अपत्ये ही चीजवस्तू नव्हेत, हे सर्वोच्च न्यायालयाने रोझी जेकब प्रकरणात १९७३ सालीच सांगितले आहे.

तडजोडपत्रात ‘अज्ञानाचा ताबा आईकडे राहील’ असे लिहिले जाते. या वाक्याचा कर्ता ‘ताबा’ आहे. मूल केवळ षष्ठी विभक्तीत उरते. हा दोष निव्वळ व्याकरणाचा नव्हे. दसऱ्यानंतर बीडमधील ऊसतोडणीच्या टोळ्या पश्चिम महाराष्ट्राकडे व कर्नाटकाकडे निघतात. आई कोयता घेऊन गेली म्हणजे मूल एक तर आजीजवळ गावी राहते, नाही तर फडाजवळच्या कोपीत. ताबा कागदावर आईकडेच असतो. मुलाची शाळा, जेवण व निजणे यांविषयी कागद मौन पाळतो.

हे मौन मोडण्याचा अधिकार न्यायालयास आहे. १९५६ च्या अधिनियमाचे कलम १३ अपत्याचे हित सर्वोपरी मानते. आईबापांची तडजोड त्या हिताहून वरचढ ठरत नाही, आणि ताब्याचा आदेश परिस्थितीनुसार बदलता येतो. पालक व पाल्य अधिनियम, १८९० याचे कलम १७ तर समजत्या वयाच्या मुलाची पसंती विचारात घेण्यास मुभा देते. म्हणजे मुलाला कर्तेपद देण्याची सोय कायद्यात आधीपासूनच आहे. तेव्हा तडजोडपत्र तपासताना न्यायालयाने ताबा कोणाकडे, एवढेच पाहून थांबू नये. मूल कार्तिकात कोठे राहील, कोणत्या शाळेत जाईल, कोणाजवळ निजेल, अशी मूल ज्यांचा कर्ता आहे ती वाक्ये त्या कागदात लिहवून घ्यावीत.