‘गांधी’ चित्रपटात न दिसलेली मुंबई

परवा बैहरला मंडळात ॲटनबरोंचा ‘गांधी’ (१९८२) पुन्हा बघितला. विदेशी कपड्यांची होळी पेटते आणि थोड्याच वेळात फेब्रुवारी १९२२ चं चौरीचौरा येतं. मधला नोव्हेंबर १९२१ गायब. हे मला खटकलं.

१७ नोव्हेंबरला प्रिन्स ऑफ वेल्स मुंबईत अपोलो बंदरावर उतरला. त्याच दिवशी गांधीजींनी एल्फिन्स्टन मिलच्या आवारात होळी पेटवली. स्वागताला गेलेले पारशी, ख्रिस्ती, ज्यू जमावाच्या हाती सापडले. विदेशी टोप्या हिसकावल्या, पारशी बायकांनाही सोडलं नाही, दारूची दुकानं जाळली. मग पारशी आणि अँग्लो-इंडियन उलटले, खादीवाला दिसेल त्याला बडवू लागले. डोक्यावर काय, अंगावर काय, एवढ्यावरून मार! पन्नासहून जास्त माणसं मेली. १९ तारखेला गांधीजींनी उपास धरला, २२ ला सोडला. बार्डोलीचा सत्याग्रह पहिल्यांदा पुढे ढकलला गेला तो याच दंग्यामुळे, चौरीचौरा नंतरचं.

चित्रपटातला चौरीचौराचा जमाव पोलिसांवर तुटून पडतो, तेही आधी पोलिसांनी हात उगारल्यावर. तो राग बघणाऱ्याला निदान समजतो. मुंबईत मार खाणारे शेजारीपाजारी होते. तीन तासांहून लांब चित्रपटात (आमच्याकडे मध्ये लाइट गेली, ते वेगळंच) त्यांना दोन मिनिटं मिळायला हवी होती. होळीचं दृश्य इतकं देखणं काढलंय, की तिथून टोपी हिसकावण्यापर्यंत किती थोडं अंतर होतं ते कळतच नाही.