बघून घेणारं क्रियापद

इंग्रजीत 'ॲनिमॅडव्हर्ट' नावाचं एक क्रियापद आहे. आत 'ॲनिमल' दिसतो, 'मॅड'ही दिसतो. पैकी ॲनिमल लांबच्या नात्यातला निघतो. मॅड मात्र एस.टी.त नुसताच शेजारी बसलेला.

डिक्शनरी याचा अर्थ देते : टीका करणे, ताशेरे ओढणे. पण लॅटिन फोडून पाहा, टीका औषधालाही सापडत नाही. 'ॲनिमस' म्हणजे मन, 'ॲड' म्हणजे कडे, 'व्हर्टेरे' म्हणजे वळवणे. मन वळवून पाहणे, लक्ष देणे. बस्स! आता नुसतं लक्ष देण्यानं कुणाचं काय जातंय?

जातं हो! रोमन अधिकाऱ्यानं एखाद्याकडे 'लक्ष दिलं' म्हणजे शिक्षा केली असा अर्थ होई, आणि त्यात प्रसंगी मुंडकंही जाई. मराठी माणसाला याचं नवल वाटू नये. 'तुला बघून घेतो' यात तरी मारहाणीचा उल्लेख कुठे असतो?

रोममध्ये सेन्सर नावाचे अधिकारी नागरिकांची यादी करत आणि ज्याचं वागणं पटलं नाही त्याच्या नावापुढे खूण करत. म्हणजे आपला गोपनीय अहवालच! त्या शेऱ्यालाही 'ॲनिमॅडव्हर्सिओ' म्हणत. इ. स. पू. २७५ मध्ये रुफिनस नावाच्या, दोनदा कॉन्सल झालेल्या गृहस्थाला सेन्सरनं सेनेटबाहेर काढलं. गुन्हा काय, तर घरात दहा पौंड चांदीची भांडी! रोमन पौंड लहान, त्यामुळे आपल्या हिशेबानं जेमतेम सव्वातीन किलो. एवढी चांदी घेऊन बँकेत या, मॅनेजरसाहेब स्वतः उठून लॉकरचा फॉर्म देतील.

इंग्रजीत आल्यावर शब्दाची कुऱ्हाड गेली, जीभ राहिली. मिल्टननं १६४१ साली एका बिशपविरुद्ध 'ॲनिमॅडव्हर्शन्स' नावाची पुस्तिका काढली. भाषा अशी की बिशपांना ठसकाच लागावा. पण पद्धत सरळ : आधी बिशपांचं वाक्य, खाली आपलं उत्तर. शिव्या द्यायच्या त्या वाचून द्यायच्या! पुढे 'लक्षात घेणे' हा अर्थ इंग्रजीतूनही वापराबाहेर गेला. पाहणं संपलं, झोडपणं उरलं. माझी तक्रार आहे ती इथे.

या शब्दाची एक सख्खी बहीणही आहे : 'ॲडव्हर्टाइज', जाहिरात करणे. तीही त्याच 'वळवण्या'च्या घरातली. तिला गिऱ्हाइकाचं मन वळवायचं असतं, हिला स्वतःचं. मलपृष्ठावरचा मजकूर वाचून जी पुस्तक-परीक्षणं लिहिली जातात, ती कुठल्या बहिणीच्या खात्यावर जमा करायची, हे कॉमर्समध्ये शिकवत नाहीत.